दोघं लागतात

सासू-सुनेत अबोला होता. कारण विचाराल तर क्षुल्लक होते. सासूची एक तेलकट, काळी पडलेली चिंधी सुनेने कचरा समजून फेकून दिली होती. पण ती चिंधी म्हणजे सासूच्या उजव्या तळव्याचे चिलखत होते. कारखान्यातल्या प्रेसचा दांडा ओढताना सासू ती हाताला गुंडाळीत असे, आणि नवी चिंधी गुंडाळली की तिला परक्याचा हात हातात घेतल्यासारखे वाटे. तेव्हापासून घरातला सगळा व्यवहार भिंतीमार्फत चालला होता. “कुणाला चहा हवा असेल तर भांड्यात ठेवलाय,” असे सून भिंतीला सांगे. “कुणीतरी साखर घालायला विसरलेलं दिसतं,” असे सासू खिडकीला कळवी. आणि मुलगा, म्हणजे एकीचा मुलगा व दुसरीचा नवरा, दोघींच्या मध्ये बसून मुकाट्याने चहा पीत असे. कारण तोंड उघडले की कोणत्या तरी एका पक्षात आपली गणना होणार, हे त्याला अनुभवाने ठाऊक झाले होते.

कारखान्याच्या फाटकात शिरल्यावर मात्र हा अबोला संपे, संपवावाच लागे. अबोला धरून ते काम होण्यासारखे नव्हते.

कारखाना पत्र्याच्या डब्यांचा होता. रस्त्याकडच्या उंच शेडमध्ये पुरुष काम करीत आणि मागच्या बुटक्या शेडमध्ये बायका. पुरुषांच्या प्रेस विजेवर चालत; पायाने पट्टी दाबली की साचा आपोआप खाली येई, म्हणून एका प्रेसवर एक माणूस पुरत असे. बायकांच्या शेडमध्ये जुन्या, हाताने चालवायच्या प्रेस होत्या. लहान डब्यांच्या झाकणांचे साचे त्यांनाच बसत, एवढ्याचसाठी त्या मोडीत निघाल्या नव्हत्या. माणसाच्या उंचीचा लोखंडी दांडा अंगाचा सगळा भार टाकून खाली ओढायचा, क्षणभर दाबून धरायचा, मग सोडायचा. आणि तो वर जातो न जातो तोच समोरच्या बाईने तयार झाकण काढून नवा पत्रा साच्यात सरकवायचा. एकीच्या तळव्याला घट्टे आणि दुसरीच्या बोटांना पत्र्याचे काप. मधल्या सुट्टीनंतर दोघींनी जागा बदलायच्या. अशा दोघींना मिळून ‘जोडी’ म्हणत, आणि जोडीला मिळून एका माणसाचा पगार देत.

एका प्रेसला एक पगार: हे तत्त्व ऐकायला न्यायाचे वाटते, आणि म्हणूनच ते इतकी वर्षे टिकले. उघड अन्यायाला विरोध करायला केवळ धाडस पुरते. न्यायाचा मुखवटा घातलेल्या अन्यायाला विरोध करायचा तर आधी विचार करावा लागतो, आणि दिवसभर दांडा ओढून घरी परतल्यावर पुन्हा चुलीपुढे उभे राहणाऱ्या बाईला विचाराची फुरसत मिळू नये, अशी व्यवस्था जगाने चोख ठेवलेली असते. पुरुषांच्या यंत्राला वीज होती आणि बायकांच्या यंत्राला नव्हती. उणेपणा यंत्राचा होता. त्याची वजावट मात्र बाईच्या पगारातून होत होती. सासूने आपले उभे आयुष्य अर्धी म्हणून काढले आणि तिला त्यात काही वावगे वाटले नाही. वावगे वाटले ते सुनेला. शेडमधल्या बायका तिला ‘वकीलीणबाई’ म्हणत ते उगाच नव्हे.

“आई, पत्रा!” दांडा सोडता सोडता सून एके दिवशी ओरडली.

“दिसतंय मला. डोळे शाबूत आहेत अजून. चिंधी तेवढी गेलीय.”

शेजारच्या प्रेसवरची भोंगाबाई खो खो हसली. तिच्या आवाजामुळे तिला ते नाव पडले होते, आणि तो आवाज तिने हौसेने कमावलेला नव्हता. तिची जोडीदारीण म्हणजे तिची धाकटी बहीण जन्मापासून जवळजवळ बहिरी होती; अगदी शेजारून ओरडले तरच तिला थोडेफार ऐकू येई.

मधल्या सुट्टीत डबा उघडताना सून म्हणाली, “आई, इथं मी अर्धी आणि तुम्ही अर्ध्या. मग फाटकाबाहेर पडल्यावर आपण पूर्ण कशा होतो? दुकानदार आपल्याकडून अर्धे दाम घेतो का?”

“तुझं काहीतरीच,” सासू म्हणाली. पण हातातला घास तिने पुन्हा डब्यात ठेवला.

“वकीलीणबाई,” भोंगाबाईने आरोळी ठोकली, “बोलण्यानं पोट भरत नाही हो!”

“भरत नाही म्हणूनच बोलतेय.”

तो प्रश्न पुढे डब्याडब्यांतून फिरला. अर्ज झाला, विनवणी झाली, टोलवाटोलवी झाली. आणि अखेर एके सकाळी मागच्या शेडमधले सगळे दांडे वरच्या वर राहिले. बायका फाटकाबाहेर येऊन बसल्या. मागणी एकच होती: जोडीतल्या प्रत्येकीला पूर्ण माणसाचा पगार.

मॅनेजर सभ्य गृहस्थ होता. तो कधी आवाज चढवीत नसे. फाटकाशी येऊन त्याने शांतपणे विचारले, “बाई, पुरुष आपली प्रेस एकटा चालवतो. हे तुम्हांला मान्य आहे?”

“आहे, साहेब.”

“मग तुमच्यापैकी कुणीही एकीनं एक प्रेस पाळीभर एकटीनं चालवून दाखवावी. जोडीइतकी झाकणं निघाली, तर पूर्ण पगार मंजूर. माझा शब्द आहे.”

“मी दाखवते,” सून म्हणाली.

सासूने मागून तिची बाही धरली. “थांब गं. आधी बसून बोलू सगळ्या.”

“आता बसलो तर म्हणतील, बघा, बाई अर्धीच!” सुनेने बाही सोडवून घेतली.

येथेच घात झाला, आणि तो भोळेपणाने झाला असे म्हणता येणार नाही. अभिमानाने झाला. ज्याला जन्मभर अर्धे ठरवले आहे, त्याला आपण पूर्ण असल्याचे सिद्ध करण्याची संधी पुढे केली, तर ती संधी कोणी आणि का पुढे केली, एवढे विचारण्याइतकाही धीर त्याला उरत नाही.

त्या दिवशी सुनेने जे केले, ते पाहणाऱ्यांच्या कायमचे लक्षात राहिले. दांडा ओढायचा, छातीने दाबून धरायचा, सोडायचा, वाकून झाकण काढायचे, पत्रा सरकवायचा, बोटे मागे घ्यायची आणि पुन्हा दांड्याकडे झेप घ्यायची. दुपार कलताना तिच्या उजव्या खांद्यात काहीतरी कट्‌कन वाजले. तिच्या डोळ्यांपुढे अंधारी आली. तिने कोणाला काही सांगितले नाही. उरलेला वेळ तिने डाव्या हाताने आणि पाठीच्या जोरावर काढला. पाळी संपल्याचा भोंगा झाला, मुकादमाने झाकणांची रास मोजली. जोडीपेक्षा एकही कमी भरले नाही. खिडक्यांना लोंबकळून पाहणाऱ्या बायकांनी एकच गिल्ला केला. सून हसली, पण ओठ घट्ट मिटून हसली.

मॅनेजरनेही टाळ्या वाजवल्या. “अभिनंदन. शब्द म्हणजे शब्द. उद्यापासून प्रत्येक प्रेसवरच्या बाईला पूर्ण पगार.” मग चष्मा पुसत तो म्हणाला, “आणि एका प्रेसला एकच बाई पुरते, हे आता तुम्हीच दाखवून दिलंत. तेव्हा जोडीतल्या एकीची गरज उरली नाही. कुणी राहायचं आणि कुणी जायचं, ते जोडीनं आपसांत ठरवावं. आम्ही त्यात पडणार नाही.”

प्रत्येक बाईने फक्त आपल्या जोडीदारणीकडे पाहिले, आणि पाहिल्याबरोबर नजर खाली वळवली. तेथे माय-लेकी होत्या, जावा-जावा होत्या, एका भिंतीच्या शेजारणी होत्या. भोंगाबाईच्या बहिणीला काही ऐकू आले नव्हते. ती एकटीच अजून हसत टाळ्या वाजवीत होती.

दुसऱ्या दिवशी एकही बाई आत गेली नाही. संप चालू राहिला. पण त्यातला जीव गेला होता. बायका फाटकाबाहेर बसत त्या जोड्या करून नव्हे, एकेकट्या.

“जिंकली हो वकीलीण!” कोणीतरी पाठीमागून बोले. “अर्ध्या शेडला घरी बसवलं. मोठ्या वकिलालासुद्धा असा खटला जिंकता येत नाही.”

सून ऐकून घेई. घरी आल्यावर तिने खांद्याचे दुखणे सासूपासून लपवायचा प्रयत्न केला. पण एका खोलीच्या घरात काय लपते? एका सकाळी ती आरशापुढे उभी राहिली, फणी घेतलेला उजवा हात कानापर्यंत गेला आणि तेथून पुढे जाईना. सासूने ते पाहिले. ती उठली, सुनेच्या हातातली फणी तिने काढून घेतली आणि मागे बसून तिची वेणी घालू लागली. चिंधीचा अबोला त्या वेणीत केव्हा विरघळला, ते दोघींनाही कळले नाही.

“केव्हापासून आहे हे?”

“त्याच दिवसापासून.”

“मग बोलली का नाहीस, मुली? सांग ना सगळ्यांना, एकटीनं चालवली तर हात जातो म्हणून.”

“आणि काय होईल, आई? ते म्हणतील, बघा, एका बाईच्यानं होत नाही, दोघी लागतात. मग घ्या अर्धा अर्धा पगार. होतं म्हटलं तर निम्म्या घरी, होत नाही म्हटलं तर सगळ्या अर्ध्या. कुठूनही धरलं तरी पातं आपल्याच हातात.”

सासूने वेणीचा शेवटचा पेड घातला आणि बराच वेळ तो तसाच धरून ठेवला. या मुलीच्या बोलण्यात तिला पहिल्यांदाच कोठे फट सापडली नव्हती, आणि सापडली असती तर बरे झाले असते असे तिला वाटले.

दिवस जाऊ लागले. ज्या घरात पुरुषाची कमाई होती त्या घरात चूल पेटत होती. जेथे नव्हती तेथे आधी चहा बंद झाला, मग एका वेळचे जेवण. सासू रोज आपल्या ताटातले काढून डबा भरी आणि भोंगाबाईकडे नेऊन देई. भोंगाबाईचा आवाज उतरत चालला होता. आता ती बहिणीशी खुणांनीच बोले. ओरडायला अंगात जोर लागतो. “आमच्यातली राहील ती, आणि जाईन ती मी,” ती एकदा सासूला हळूच म्हणाली. “पण तिला कोण हाक मारणार हो मावशी त्या शेडमध्ये? मागून गाडा आला तर कळायचं नाही तिला.”

मुलगा त्याच कारखान्यात, पुरुषांच्या शेडमध्ये होता आणि पूर्वीसारखाच कामावर जात होता. पुरुषांचा संपाशी काही संबंध नव्हता, असे पुरुषांचे मत होते. तो हल्ली कामावरून आला की हात धुऊन लगेच खिशात घाली, जेवताना ताटाकडेच पाही, आणि त्याने कूस बदलली की कण्हल्यासारखा आवाज येई. एका संध्याकाळी पाणी देताना सासूने त्याचा हात पकडला आणि दिव्याकडे वळवला. तळव्यावर मोठमोठे फोड आले होते. आयुष्यभर आपल्याच तळव्यावर पाहिलेले फोड तिला ओळखू येणार नाहीत, असे कसे होईल?

“हा आमचा दांडा आहे,” ती म्हणाली.

मुलाने हात मागे ओढू पाहिला.

“तुला आमच्या शेडमध्ये घातलंय?”

“लहान झाकणं अडलीत. साहेबांनी आमच्यातले काही जण तिकडं पाठवलेत. मी नाही म्हणून सांगणार होतो का?”

सासूने त्याची बोटे एकेक करून पाहिली. ती स्वच्छ होती. एकाही बोटावर काप नव्हता.

“पत्रा कोण लावतं?”

“म्हणजे?”

“एकटा असतास तर बोटं कापलेली असती तुझी. दांडा तू ओढतोस. समोर कोण आहे?”

मुलाने हात सोडवून घेतला. “पैलवान आहे.” पैलवान हा त्याचा मित्र, काडीसारखा बारीक असल्यामुळेच मित्रांनी त्याला ते नाव दिले होते. “एकट्यानं कसं चालवणार, आई? हात उखडून येईल. दोघं लागतात त्या प्रेसला.”

कोपऱ्यात भांडी पुसत असलेली सून थांबली. “आणि पगार?”

“पगाराचं काय?”

“अहो, दोघांत मिळून एक देतात का?”

मुलाला प्रश्नच समजला नाही. “अर्धा कसा देतील? पूर्ण देतात. दोघांनाही.”

पुरुषांना अर्धा पगार कोणी देऊ केला नव्हता, आणि देऊ केला असता तर त्यांनी घेतला नसता. पण अर्धा देऊन पाहावा, असे कोणाच्या मनातच आले नव्हते. सगळ्या अन्यायाचे मूळ या न येण्यात होते. तीच प्रेस, तोच दांडा, तेच झाकण. बायकांच्या दोन देहांचा मिळून एक माणूस होत होता आणि पुरुषांच्या दोन देहांचे दोन.

“सापडलं!” सून म्हणाली. तिचे डोळे भरून आले होते. “आई, सापडलं. उद्या संपाच्या चौकशीला सरकारी अधिकारी येतायत. एवढंच सांगायचं. बास!”

“माझं नाव घेऊ नका,” मुलगा घाईने म्हणाला.

“नाव नाही घेत. पण ते विचारतील तुम्हांला. विचारलं तर?”

“माझी नोकरी गेली तर खायचं काय तिघांनी? आज तुम्ही लोकांना डबे वाटताय ते कुणाच्या जिवावर?”

सासू त्याच्यापुढे येऊन बसली. “तुला भांडायला सांगत नाही. तू पुढं हो असंही म्हणत नाही. विचारलं तर खरं सांग. दोन शब्द. सांगशील?”

मुलाने आईकडे पाहिले, बायकोच्या लोंबत्या हाताकडे पाहिले, आणि तो म्हणाला, “विचारलं तर सांगीन.”

त्या रात्री संपाच्या काळात पहिल्यांदाच सासूला शांत झोप लागली.

चौकशी मागच्या शेडमध्येच झाली. अधिकारी खुर्चीवर बसला, मॅनेजर शेजारी उभा राहिला, दाराशी बायकांची दाटी झाली, भिंतीला टेकून पुरुष उभे राहिले. सुनेने आपला खांदा दाखवला आणि त्या दिवशी काय झाले ते न लपवता सांगितले.

“म्हणजे एकट्या बाईला हे यंत्र झेपत नाही,” अधिकारी म्हणाला.

“एकट्या माणसाला झेपत नाही, साहेब. बाई असो की बाप्या. गेले कित्येक दिवस इथं एकेका प्रेसवर दोन-दोन पुरुष उभे आहेत, आणि दोघांनाही पूर्ण पगार मिळतो. विचारा त्यांना.”

अधिकाऱ्याने मान वळवली. मॅनेजर किंचित हसला. “ते केवळ नवखे आहेत म्हणून, साहेब. हात बसेपर्यंत. वास्तविक एकटा पुरुष ही प्रेस सहज चालवतो. हवं तर प्रत्यक्ष पाहा.” त्याने भिंतीकडे बोट केले. “तू ये रे. तू तर चांगला धट्टाकट्टा आहेस.”

बोट मुलाकडे होते.

मुलगा प्रेसपाशी आला. सगळी शेड त्याच्याकडे पाहत होती. आईने त्याला डोळ्यांनी धरून ठेवले होते. दोन शब्द त्याच्या ओठांवर आले होते, हे तिला स्पष्ट दिसले. आणि तेवढ्यात मुकादमाने त्याच्या पाठीवर थाप मारली.

“काय राव, बायकोनं केलं ते तुला जमायचं नाही होय? मग घरी दांडा कोण ओढतं, ती का तू?”

भिंतीला टेकलेले पुरुष फिदीफिदी हसले. मुलाच्या कानांच्या पाळ्या लाल झाल्या. त्याने बाह्या सरसावल्या आणि दांडा धरला.

“नको रे,” आई म्हणाली. ते कोणालाच ऐकू गेले नाही.

पहिले झाकण पडले. दुसरे पडले. अधिकाऱ्याने काही वेळ पाहिले, मान डोलावली आणि तो मॅनेजरबरोबर चहा घ्यायला गेला. मुलगा थांबला नाही. आता त्याला थांबता येत नव्हते. बायकोने ज्या क्षणापर्यंत चालवली त्या क्षणापर्यंत त्याला चालवावीच लागणार होती, कारण त्याच्या मागे उभे असलेले सगळे पुरुष तोच हिशेब मनात धरून होते. सासू नेहमीच्या सवयीने समोरच्या जागेवर जाऊन उभी राहिली होती. दर वेळी दांडा वर गेला की तिचे हात आपोआप पत्र्याकडे जात, आणि दर वेळी मुकादम म्हणे, “बाई, हात मागं.” ती हात मागे घेई. पाळी संपता संपता मुलाच्या खांद्यातून जो आवाज आला, तो दोघींनीच ओळखला.

त्यानेही कोणाला काही सांगितले नाही.

एक व्यक्ती पुरेशी आहे, असे अधिकाऱ्याने लिहून नेले. दुसऱ्या दिवशी मॅनेजरने दोन हुकूम काढले. पहिला बायकांना होता: उद्या सकाळी जोडीतली एक आत आली नाही, तर दोघींनाही कायमची रजा. दुसरा हुकूम पुरुषांना होता, आणि तो ऐकून भिंतीला टेकून हसणाऱ्यांचे हसू विरले: मागच्या शेडमध्ये यापुढे प्रेसला एकच माणूस राहील. पैलवानाला त्याच दुपारी घरी पाठवण्यात आले. तो मुलाच्या दारावरून गेला. आत आला नाही.

त्या संध्याकाळी सासूने दोन ताटे वाढली. दोघांचेही उजवे हात मांडीवर मेल्यासारखे पडले होते. सुनेच्या ताटातला भात तिने कालवून दिला. मुलाच्या ताटातलाही कालवला, आणि मग ती भिंतीकडे तोंड करून म्हणाली, “कुणाला जेवायचं असेल तर ताट तयार आहे.”

“आई, भिंतीशी बोलू नकोस.”

“भिंतीनं मला कधी शब्द दिला नव्हता.”

मुलाने डाव्या हाताने घास उचलला. तो तोंडापर्यंत जाण्याआधीच सांडला. त्याने तो जमिनीवरून शीत न् शीत वेचला. सुनेला त्याचा राग धरता येत नव्हता. ज्या खड्ड्यात तो पडला होता, त्याची वाट तिनेच आधी चालून दाखवली होती.

सकाळी फाटकाशी मुकादम एकेक जोडी पुढे बोलावू लागला. बाजूने पुरुषांची रांग नेहमीप्रमाणे आत सरकत होती. पहिल्या जोडीतली लेक आत गेली आणि आई रस्त्यावर मटकन बसली. पुढच्या जोडीतल्या दोघी जावा एकमेकींकडे न पाहता दोन दिशांना वळल्या, एक आत, एक बाहेर. भोंगाबाईने बहिणीला पाठीवर हात ठेवून पुढे ढकलले. बहीण चार पावले गेली, तिने मागे वळून पाहिले. भोंगाबाईने जा जा म्हणून हात केले. बहिणीने मान हलवली आणि ती परत येऊन तिच्या शेजारी उभी राहिली.

“पुढची जोडी. कोण येतंय?”

“दोघी,” सासू म्हणाली.

“एकच, मावशी. शहाण्यासारखं करा.”

“मग कुणीच नाही.” तिने सुनेचा निकामी हात आपल्या हातात घेतला. “ही माझी जोडी आहे. मोडून द्यायची नाही.”

मुकादमाने खांदे उडवले. तेवढ्यात पुरुषांच्या रांगेत कोठेतरी अडखळल्यासारखे झाले. मुलगा रांगेतून बाहेर आला होता. तो आईच्या शेजारी येऊन उभा राहिला आणि घसा खाकरून म्हणाला,

“दोघं लागतात.”

“काय?”

“त्या प्रेसला. दोघं लागतात.”

“अरे, परवाच तर एकट्यानं चालवलीस ना, मर्दा? सगळ्यांनी पाहिलंय.”

मुलाने उजवा हात वर करायचा प्रयत्न केला. तो कोपरापर्यंत उठला आणि खाली पडला. त्याने पुन्हा उचलला, पुन्हा पडला. तिसऱ्या वेळी त्याने तो डाव्या हाताने उचलून रांगेपुढे धरला, दुसऱ्याची वस्तू दाखवावी तसा.

“चालवली तो हा हात,” तो म्हणाला. “पाहिलंत ना चालवताना? मग हेही पाहा. माझ्या बायकोचा असाच आहे. खोटं पाडलं मी तिला, तुम्ही हसाल म्हणून. आज मी एकटा, उद्या तुमच्यातला कुणी.”

कोणी हसले नाही. सासूने कमरेला खोचलेली नवी, कोरी चिंधी काढली, दातांनी फाडून लांब केली आणि मुलाचा हात गळ्यात बांधून दिला. गाठ मारताना तिने त्याच्याकडे पाहिले नाही. पण गाठ पक्की मारली.

अधिकारी केव्हाच निघून गेला होता. हे बोलणे लिहून घेणारे तेथे कोणी नव्हते. मॅनेजर वरच्या खिडकीत येऊन उभा होता, आणि नेहमीच्याच सौम्य आवाजात म्हणाला, “चला, रांग पुढं सरकू द्या.”

रांग थांबली होती. सगळ्यांत पुढच्या माणसाचे एक पाऊल फाटकाच्या आत होते आणि एक बाहेर. त्याने मागे पाहिले, मागच्याने त्याच्या मागे पाहिले. आत जावे की बाहेर यावे, हे त्या प्रत्येकाला आपापले ठरवायचे होते. त्या कारखान्यात तेवढेच एक काम असे होते, ज्याला दोघं लागत नव्हते.